ग्रुनवाल्डबाईंचं जर्मन

हसमुखभाईंनी ते इतक्या मायेनं म्हटलं, की सुषमाला क्षणभर त्यात काही वावगं वाटलंच नाही. सुरतजवळ इच्छापोरला त्यांच्या नव्या शेडमध्ये जर्मनीहून आलेल्या वॉर्पिंग मशीनवरचं प्लॅस्टिक नुकतंच सोडवलं होतं. कापडाचा उभा ताणा ज्यावर गुंडाळायचा ते हे मशीन. लांबलचक, पांढरं, दवाखान्यातल्या यंत्रासारखं स्वच्छ. ते बसवून द्यायला आलेले जर्मन तंत्रज्ञ ब्रोकमान गुडघे टेकून एका बोल्टकडे निरखून बघत होते. साठीचा, रुंद हाडापेराचा माणूस, मान उन्हानं लाल झालेली. हसमुखभाईंनी त्यांच्या खांद्यावर हात ठेवला आणि सुषमाकडे वळून म्हणाले, "मॅडम, साहेब को बोलो, हम लोग हिटलर को बहोत मानते हैं. क्या आदमी था! अपने देश को भी ऐसा एक चाहिए. सब सीधा हो जाए." एवढं बोलून ते हसले, आणि आपण दिलेला प्रसाद आता जर्मनमध्ये वाटला जाईल अशा अपेक्षेनं दोघांच्या तोंडाकडे आळीपाळीनं पाहत राहिले. सुषमानं तोंड उघडलं. "शेठ म्हणतात, जर्मन शिस्तीबद्दल इथं सगळ्यांना फार आदर आहे," ती जर्मनमध्ये म्हणाली. वाक्य कसं गुळगुळीत बाहेर पडलं, कुठं अडखळलं नाही, कुठं खरचटलं नाही. ब्रोकमान उठले, त्यांनी पँटचे गुडघे झटकले, धन्यवाद म्हणाले. पण त्यांची नजर तिच्या ओठांवर जरा जास्त वेळ थांबली. काही शब्दांना दुभाषी लागत नाही. ते नाव त्यांनी ऐकलं होतं. आणि तिच्या वाक्यात ते नव्हतं, हेही ऐकलं होतं.

त्यानंतर दुपारभर तिचं काही जमेना. हे काम ती कितीतरी वर्षं करत होती. नवऱ्याची बँकेतली बदली सुरतला झाली तेव्हा पुण्याहून आणलेलं जर्मन इथं माळ्यावरच पडणार असं तिला वाटलं होतं. पण कापडाच्या या शहरात जर्मन मशीन येत राहिली, मशीनच्या मागोमाग जर्मन माणसं येत राहिली, आणि सुषमा टिपणीस हे नाव या शेठनं त्या शेठला सांगितलं. शेठशी हिंदी-गुजराती, साहेबाशी जर्मन, आणि कारागिरांत कुणी खानदेशी निघाला तर त्याच्याशी मराठी, असा तिचा दिवस जायचा. संध्याकाळी घरी आलं की तासभर कुठल्याच भाषेत बोलू नये असं वाटायचं. पण आज बोलतानाच जीभ जड झाली होती. धागा किती ओढून धरायचा हे ब्रोकमान सांगत होते आणि हे मशीन चालवायला नेमलेला लिंबायत वस्तीतला भिकन डोळे बारीक करून ऐकत होता. तिनं 'सैल' च्या जागी 'घट्ट' सांगितलं, आणि धागे एकामागून एक तटातट तुटले. भिकननं तुटकी टोकं हातात धरून तिच्याकडे पाहिलं. "ताई, तुमनी तब्येत बरी नही का?" त्यानं आपल्या अहिराणीत विचारलं. "बरी आहे रे. चूक माझी. सैल म्हणाले ते," ती म्हणाली आणि ओढणीनं मान पुसली. मानेवर घाम नव्हताच. काहीतरी चिकटल्यासारखं मात्र वाटत होतं, पुसून न जाणारं. खोटं बोलले का मी? नाही, खोटं कसं. काम सोपं केलं. पाहुण्याला अवघडायला नको, शेठला अपमान वाटायला नको. हेच तर धंद्यात करायचं असतं. तरीही कानाच्या मागं कुणीतरी उभं आहे आणि पुढचं वाक्य ऐकायला थांबलं आहे, हे तिला जाणवत राहिलं. ते कोण, हे तिला माहीत होतं, म्हणून ती मागं वळून बघत नव्हती.

पुण्यात, कॅम्पातल्या एका बेकरीच्या वरच्या मजल्यावर ग्रुनवाल्डबाई जर्मन शिकवायच्या. सुषमा त्यांच्याकडे जायला लागली तेव्हा बाई पंच्याहत्तरीच्या आसपास असतील. बारीक चणीच्या, राखाडी केसांचा घट्ट अंबाडा, पायात पुरुषी बूट, आणि खालून भट्टीचा वास वर येत असायचा म्हणून खिडकी कायम बंद. त्यांचं जर्मन म्हणजे घडी न मोडलेलं वस्त्र. एकेक वाक्य शेवटच्या क्रियापदापर्यंत अशा निगुतीनं न्यायच्या की ऐकणाऱ्यानं मध्ये श्वास सोडू नये. आणि त्यांचं मराठी मात्र भाजीबाजारात आणि मोलकरणीशी बोलून शिकलेलं. त्यात बायकामाणसं नव्हतीच, सगळं जग पुल्लिंगी. "माझा आई", "माझा धाकटा बहीण". ब्रेस्लाउ नावाच्या शहरात त्यांचे वडील पियानो विकत, नवरा दातांचा डॉक्टर होता. ज्यू. अडतीस सालच्या हिवाळ्याच्या तोंडाला एका रात्रीत त्यांचं प्रार्थनामंदिर जाळलं, दुकानांच्या काचा फोडल्या, आणि नवऱ्याला धरून नेलं. तो काही आठवड्यांनी परत आला तो डोकं भादरलेलं आणि बोलणं बंद झालेलं. ज्या देशानं आधी कागद दिले त्या देशात निघून आले. तो देश हा. वर्षभरात युद्ध पेटलं, आणि एका सकाळी इंग्रज साहेब दोन शिपाई घेऊन दारात उभा: तुम्ही जर्मन, म्हणजे शत्रू. "तिकडे म्हणाला, तू जर्मन नाही, चल बाहेर. इकडे म्हणाला, तू जर्मन आहे, चल आत," असं त्या सांगायच्या आणि बोट आधी बाहेर, मग आत करून दाखवायच्या. पुढं पुरंदरच्या किल्ल्यावर त्यांना ठेवलं, तिथं शेजारच्या बराकीत खरेखुरे नाझी. फ्यूररचा, म्हणजे हिटलरचा, वाढदिवस आला की ते गाणी म्हणत आणि ग्रुनवाल्ड नवराबायको खिडकीला चादर लावून बसत. आईवडील आणि बहीण मागंच राहिली होती. त्यांचा पंचवीस शब्दांचा एक निरोप रेडक्रॉसकडून आला, नंतर काही आलं नाही. हे सगळं बाई मराठीतच सांगत. एकदा सुषमानं विचारलं होतं, हे तुम्ही जर्मनमध्ये का नाही सांगत? बाईंनी चष्मा काढून पुसला. "जर्मनमध्ये सांगितला तर तो खरा होतो," त्या म्हणाल्या, आणि पुस्तक उघडून म्हणाल्या, चला, चतुर्थी विभक्ती.

संध्याकाळी गाडी हजिरा रोडला लागली आणि ट्रकांच्या रांगेत अडकली. ब्रोकमान मागच्या सीटवर तिच्या शेजारी बसले होते, खिडकीला डोकं टेकून. मग एकदम म्हणाले, "फ्राऊ टिपणीस, मघा तुम्ही ते भाषांतर केलं नाहीत." ती म्हणाली, "मला वाटलं, तुम्हाला बरं वाटणार नाही." ते हसले. चांगलंच हसले, मान मागं टाकून. "अहो, मी कितीदा ऐकलंय! पहिल्यांदा या देशात आलो तेव्हा एका कारखान्यात जेवतानाच एकानं असं म्हटलं. मी ताट टाकून उठलो होतो. आता नाही उठत. मान हलवतो." मग ते पुन्हा खिडकीबाहेर बघत म्हणाले, "आणि एक सांगू? हे मी घरी कधी बोलणार नाही. आमच्याकडे शाळेपासून शिकवतात, ते नाव आलं की मान खाली घालायची. बरोबरच आहे ते. पण इथं माझ्या मानेकडे कुणी बघत नाही. कधी कधी सुट्टीवर आल्यासारखं वाटतं." सुषमानं बोटं एकमेकांत घट्ट गुंतवली. सुट्टी. ही सुट्टी आपण दिली. दुपारी एका गोड वाक्यानं आपण यांना समुद्रकिनाऱ्यावर खुर्ची टाकून दिली. मग त्यांनी विषय बदलायचा म्हणून विचारलं, "तुम्ही हे जर्मन शिकलात कुठं? पहिल्या दिवसापासून विचारीन म्हणतोय. असं आता कुणी बोलत नाही. माझ्या आजीची एक मैत्रीण होती, पूर्वेकडून आलेली, ती 'ई' अशीच लांबवायची. तुम्ही बोलता तेव्हा मला तिच्या घरातल्या लाकडी कपाटाचा वास येतो." "माझ्या बाई ब्रेस्लाउच्या होत्या," ती म्हणाली. "तरीच! ब्रेस्लाउ! मग पंचेचाळीसला शहर पोलंडकडे गेलं, तेव्हा सगळ्या जर्मनांबरोबर हाकलल्या गेल्या असतील. बिचारे, बर्फातून चालत निघाले होते ते लोक." "नाही," सुषमा म्हणाली, "त्या त्याच्या आधीच निघाल्या. ज्यू होत्या." "अच्छा," ब्रोकमान म्हणाले. मग हॉटेल येईपर्यंत त्यांनी मोबाइल काढून त्यात काहीतरी वाचलं, किंवा वाचल्यासारखं केलं.

घरी तिचा नवरा विजय कुकर लावून बातम्या बघत बसला होता. निवृत्तीनंतर भाताचं काम त्यानं स्वतःकडे घेतलं होतं. तिनं चपला काढता काढता सगळं सांगितलं, तर तो म्हणाला, "बरोबरच केलंस की. गिऱ्हाइकाला दुखवायचं कशाला? आणि त्या हसमुखभाईंना तरी काय माहीत असणार? आपल्याकडे म्हणतातच गं तसं. आमच्या रिजनल मॅनेजरला सगळी ब्रँच हिटलर म्हणायची. त्याला आवडायचं." ते खरं होतं. तिच्या स्वतःच्या जिभेवर ते नाव किती सहज बसलेलं होतं! शाळेतल्या बाई हिटलर, हॉस्टेलची रेक्टर हिटलर, सासूबाई स्वयंपाकघरात शिरल्या की जावेच्या कानात, हिटलर आल्या. एकदा तर कॅम्पातल्या त्या बंद खिडकीच्या खोलीतसुद्धा ती बोलून गेली होती, की आमच्या प्राचार्या म्हणजे नुसत्या हिटलर आहेत. बाई वहीवर काहीतरी लिहीत होत्या. त्यांचा हात थांबला नाही. वाक्य पुरं करून त्यांनी टोपण लावलं आणि विचारलं, "तो तुला मारतो? प्राचार्य?" "नाही." "उशिरा आला तर रागावतो?" "हो." "मग तो रागावणारा बाई आहे. शब्द बरोबर वापरावा." एवढंच. पण आता पलंगावर पाठ टेकली तरी सुषमाला चैन पडेना. ती उठली, तिनं वाळलेल्या कपड्यांच्या घड्या घातल्या, पुन्हा मोडल्या, पुन्हा घातल्या. खरी आठवण अजून आलीच नव्हती. ती दाराशी येऊन थांबली होती, पाहुणीसारखी, आणि पाहुणीच होती ती: फ्राऊ शोल्त्स.

सुषमा एकोणीस वर्षांची असेल. बाईंनी तिला निरोप पाठवला, रविवारी ये, मला दुभाषी लागतो. ब्रेस्लाउला बाईंच्या शेजारच्या घरात राहणाऱ्यांची मुलगी, आता स्वतः म्हातारी, नवऱ्याबरोबर भारत बघायला आली होती आणि कुठून तरी पत्ता काढून भेटायला येणार होती. सुषमाला कळेना, दोघी जर्मन, मग दुभाषी कशाला? बाईंनी कारण दिलं नाही. ती मंडळी आली, केक घेऊन आली. फ्राऊ शोल्त्स दारातूनच रडायला लागली, लोटे, लोटे, अशा बाईंना पहिल्या नावानं हाका मारत पुढं झाली, आणि बाई खुर्चीत ताठ बसून मराठीत म्हणाल्या, "तिला सांग, बसा. चहा घेणार काय?" तो सबंध तास तसाच गेला. बाई मराठीत बोलत, सुषमा ते जर्मन करी. समोरची जर्मनमध्ये बोले, आणि प्रत्येक शब्द जिला आधीच कळला आहे अशा बाईकडे तोंड करून सुषमा ते मराठीत सांगे. तिचे कान तापून लाल झाले होते. परीक्षा चालली आहे आणि कशाची ते सांगितलेलं नाही, असं वाटत होतं. मग फ्राऊ शोल्त्स डोळे पुसून म्हणाली, आम्हालाही सगळं सोडून निघावं लागलं, बर्फात, आई वाटेतच गेली. तिला सांगा, आम्हीही तितकंच सोसलं. तितकंच! त्या शब्दापाशी सुषमाची जीभ अडली. बाईंच्या टेबलावरच्या, बहिणीच्या फोटोकडे तिची नजर गेली, आणि ती मराठीत म्हणाली, "त्या म्हणतात, तुम्ही फार सोसलंत." बाईंनी तिच्याकडे पाहिलं. रागानं नाही. पाहुणी गेल्यावर कपबश्या आवरताना त्या म्हणाल्या, "तू बदलला." सुषमानं हातातली बशी खाली ठेवली. "तुला माझा दया आला, म्हणून तू बदलला. पण मी चाळीस वर्ष थांबला, की त्यांच्यातला एक माणूस माझ्यासमोर बसून म्हणेल, तुम्ही सोसला. आज तू म्हणाला. मला तुझ्याकडून नको होता. तिच्याकडून पाहिजे होता." मग नळ सोडून, पाठ करून उभ्या राहिल्या. थोड्या वेळानं म्हणाल्या, "आणि तिचा आई बर्फात मेला, ते पण खरा आहे. ते पण मला ऐकायचा होता. तू दोन्ही घेऊन गेला."

सकाळी शेडमध्ये पूजा होती. मशीनला झेंडूचे हार, पुढं कुंकवाचा साथिया, म्हणजे स्वस्तिक, भटजी, हसमुखभाईंचं कुटुंब, ओळखीचे पाचसात व्यापारी, मागं कारागीर उभे. ब्रोकमान यांच्याही गळ्यात हार घातला होता आणि कपाळाला टिळा लावला होता. ते अवघडून, पण खुशीत उभे होते. हसमुखभाई दोन शब्द बोलायला पुढं झाले. माणूस वाईट नव्हता तो. कारागिराच्या पोरीचं ऑपरेशन त्यानं स्वतः उभं राहून करवलं होतं, हे सुषमाला भिकननंच सांगितलं होतं. कालच्या त्याच मायेनं ते म्हणाले, "ये साहेब हिटलर के देश से आये हैं. हिटलर ने क्या किया? देश में जो कचरा था, साफ किया. इधर भी हैं ऐसे कुछ लोग. एक हिटलर आ जाए, तो दो दिन में लाइन पर आ जाएँगे." मंडळी हसली. स्विचबोर्डापाशी वायरमन इस्माईल टेस्टर घेऊन उभा होता. तो हसला नाही, त्यानं वरही पाहिलं नाही. एक स्क्रू होता, तो आधीच घट्ट बसलेला, तो त्यानं आणखी पिळला. सुषमाला तो हात दिसला. "बोलो मॅडम," हसमुखभाई म्हणाले. आणि तिनं सांगितलं. एकही शब्द न गाळता, न घासता, शेवटच्या क्रियापदापर्यंत. कचरा साफ केला याला जर्मनमध्ये शब्द शोधावे लागले नाहीत. त्या भाषेत ते आधीच वापरून झालेले होते. ब्रोकमान यांच्या कपाळावरचा टिळा आठ्यांत चुरगळला. काल गाडीत हसलेला माणूस हा नव्हता. ते तिच्याकडे बघत राहिले, हे काय केलंत तुम्ही, अशा नजरेनं. मग घसा साफ करून म्हणाले, "शेठना सांगा, त्यांच्या पाहुणचाराबद्दल मी आभारी आहे." सगळे सुषमाकडे वळले. तिनं ते वाक्य हिंदीत करायला तोंड उघडलं आणि मिटलं. "इस्ट दास आलेस?" तिनं त्यांना विचारलं. एवढंच?

भटजींच्या निरांजनाची वात तडतडली. ब्रोकमान यांनी गळ्यातला हार काढला, तो कुठं ठेवावा हे न कळून हातातच धरला, आणि जमिनीकडे बघत बोलायला लागले. सुषमा त्यांच्यामागून वाक्य वाक्य हिंदीत सांगत गेली. आमच्या गावात विणकामाची एक गिरणी होती. मालकाचं नाव हेर्त्स. ज्यू. माझे आजोबा तिथं मुकादम होते. अडतीस साली आजोबा मालक झाले. घरात आम्हाला सांगायचे, हेर्त्सनी गिरणी विकली आणि गेले. मीसुद्धा माझ्या मुलांना हेच सांगितलंय, विकली आणि गेले. त्यांनी विकली नाही. त्यांना सही करायला लावली. गेले नाहीत, त्यांना नेलं. बायकोसकट, मुलीसकट, पूर्वेला जाणाऱ्या गाडीत घालून. मी हे काम शिकलो ते त्याच गिरणीत. "हा कचरा, असं यांना सांगा," ब्रोकमान म्हणाले, "हेर्त्स, त्यांची बायको आणि रूथ नावाची मुलगी." सुषमानं ते सांगितलं. 'नेलं' या शब्दापाशी तिचा आवाज चिरकला, पण तिनं तो शब्द बदलला नाही. हसमुखभाई डोळे विस्फारून ऐकत होते. अंगात व्यापार मुरलेला, तोंडून आपोआप निघून गेलं, "सस्ते में मिली होगी." बोलून गेल्यावर ते त्यांनाच ऐकू आलं. हात हलवून ते राहू दे, राहू दे, असं काहीतरी करायला लागले. पण सुषमानं ते जर्मनमध्ये सांगून टाकलं होतं. ब्रोकमान यांनी मान हलवली. "हो," ते म्हणाले. "फार." तेही तिनं सांगितलं. व्यापारी मंडळी पायाशी बघत होती. मागून भिकननं, त्याला मध्ये बोलायचं नाही हे कळत असूनही, हळूच विचारलं, "ताई, तो मालक मंग कथा गया?" कुठं गेला, ते त्याला खरंच जाणून घ्यायचं होतं. "मारले रे त्यांना," ती म्हणाली. "तिघांनाही." "पोरले बी?" "हो. पोरीलाही." भिकननं "अरे बाप्पा" म्हटलं आणि डोक्यावरची टोपी काढली. इस्माईल स्विचबोर्डापासून वळला होता आणि सरळ हसमुखभाईंकडे बघत होता. त्या बघण्यात राग होता की नुसतीच वाट बघणं, सुषमाला सांगता येईना. हसमुखभाईंनी नजर चुकवली. भटजी म्हणाले, मुहूर्त चालला आहे. नारळ फुटला. बटण दाबलं, आणि मशीन सुरू झालं, तसं सगळ्यांनाच बरं वाटलं. त्या आवाजात आता कुणाला कुणाशी बोलणं भागच नव्हतं.

परतताना ब्रोकमान पुढं, ड्रायव्हरच्या शेजारी बसले. हॉटेलच्या वळणावर त्यांनी मागं न बघता विचारलं, "ते 'एवढंच?' शेठ म्हणाले होते का?" "नाही," सुषमा म्हणाली. "ते मी म्हटलं." "मला वाटलंच. दुभाष्याला तो अधिकार नसतो, फ्राऊ टिपणीस." "नसतो," ती म्हणाली. ते उतरले, दार लावलं, मग खिडकीपाशी वाकून म्हणाले, "काल तुम्ही मला वाचवलंत आणि आज मला पुढं ढकललंत. कुठल्या गोष्टीचा जास्त राग आलाय, ते मला अजून कळत नाही." आणि रुंद पाठ करून काचेच्या दारातून आत गेले. ती घरी पोचते न पोचते तोच शेठच्या मॅनेजरचा फोन आला. आवाज नम्र होता. मॅडम, उद्यापासून येऊ नका, साहेबांचं आमचं मोबाइलवर जमतं आता, बोललं की त्यातच दुसऱ्या भाषेत होऊन येतं. ती बरं म्हणाली. दोन दिवसांनी भिकनचाही फोन आला, नुसता सांगायला, की मोबाइल सैलला सैलच सांगतो, पण साहेब काही बोलतच नाही, बोटानं दाखवतो. आणि शेठ दोन दिवस शेडकडे फिरकलेले नाहीत, इस्माईलला मात्र आज वर बोलावलं होतं. कशाला, ते त्याला माहीत नव्हतं. सुषमानं फोन ठेवला आणि खोलीभर येरझाऱ्या घातल्या. आपण काही केलं का? काही झालं का त्यानं? एका माणसाची सुट्टी मोडली, एकाचा मुहूर्त बिघडला. इस्माईलला वर बोलावून काय सांगितलं असेल? माफी? हिशोब? बाई असत्या तर काय म्हणाल्या असत्या, हे तिला काही केल्या ऐकू येईना. आणि इतकी वर्षं कानामागं उभं असलेलं माणूस ऐन वेळी गप्प झालं, याचं तिला मनापासून नवल वाटलं, जरा भीतीही वाटली.

विजय टीव्ही लावून भाजी निवडत बसला होता. तो म्हणाला, "बस गं जरा. किती फिरशील? गेलं काम तर गेलं." ती त्याच्यासमोर बसली, मेथीची एक काडी हातात घेतली. "तुला मी माझ्या जर्मनच्या बाईंचं कधी सांगितलंच नाही ना?" ती म्हणाली. "कोण बाई?" त्यानं विचारलं. इतक्या वर्षांच्या संसारात हा प्रश्न त्याला पहिल्यांदाच विचारावा लागत होता. "ग्रुनवाल्डबाई." "कुठल्या त्या? जर्मनीच्या?" ती थबकली. जर्मनीनं त्यांना आपलं म्हटलं नव्हतं. ते शहर आता पोलंडात आहे आणि त्याचं नावही दुसरंच आहे. "पुण्याच्या," ती चटकन म्हणाली. विजयला ते पटलं, त्यानं मान हलवून पुढची जुडी सोडली. सुषमा मात्र हातातल्या काडीची पानं न तोडता तशीच बसून राहिली. पुण्याच्या. ऐकायला बरं होतं. पण पुण्यानं तरी त्यांना काय दिलं, बंद खिडकीची एक खोली, आणि शिकायला येणारी एक मुलगी, जिच्याशी त्या मराठीत बोलत. "नाही, तसं नाही," ती म्हणाली. "थांब. तो टीव्ही बंद कर. पहिल्यापासून सांगते."